समुद्र नसलेल्या गावांत

13 एप्रिल 1930, रविवार. तुम्ही दहीहांड्यात आहात, अकोल्याच्या उत्तरेला, पूर्णेच्या खोऱ्यात. वऱ्हाडातला एप्रिल म्हणजे काय ते अंगाला कळतंय. काळी जमीन इतकी भेगाळली आहे की भेगेत मनगट जाईल. समुद्र इथून मुंबईच्या गाडीने एक अख्खी रात्र लांब. आणि तरीही या गावात आज मिठाचा कायदा मोडायचा आहे.

गेल्या रविवारी दांडीला गांधींनी मूठभर मीठ उचललं. बातमी अकोल्यात आली, तिथून खेडोपाडी गेली. एक जण वाचतो, वीस जण ऐकतात, ऐकणाऱ्यांपैकी चार जण दुसऱ्या गावच्या बाजारात ती सांगतात. ऐकून अंगावर काटा येतो हे ठीक. पण पुढे करायचं काय? कोकणातल्या माणसाला किनाऱ्यावर जाता येईल, वऱ्हाडातल्याने कुठे जावं?

गर्दीतून वाट काढत तुम्ही विहिरीपाशी पोचता. पोहरा वर येतो. ओंजळभर पाणी तोंडात घेता आणि लगेच थुंकता. बाजूचा म्हातारा दिलखुलास हसतो.

“ढोरं बी तोंड वाकडं करतात, बाबू. इतके वर्स या पान्याले शिव्या देल्या. आज कामी आलं पाहा!”

हा खारपाण पट्टा. जमिनीखालचं पाणी खारट, पिकाला नको, पिण्याला नको. इथल्या सोयरिकी जमवताना मुलीकडचे आधी पाण्याची चौकशी करतात. तेच पाणी आता कढईत ओतलं जातंय, खाली पऱ्हाट्यांचा जाळ आहे. पऱ्हाटी भसकन पेटते आणि तितक्याच लवकर विझते, त्यामुळे एक पोरगा सारखा नवा भारा आणून टाकतोय. बराच वेळ काही होत नाही. मग कढईच्या कडेला राखाडी खरवड धरते. कुणीतरी ती उलथण्याने खरवडून पुढे करतं. चव कडवट, स्वयंपाकात घालण्याच्या लायकीची नाही. पण सरकारच्या लेखी ते बेकायदा मीठ आहे, आणि तेवढं पुरे.

दांडीवरून दहीहांड्याची विहीर दिसत नाही. ‘आपल्याकडे खारट काय आहे?’ हा प्रश्न वऱ्हाडातल्याच कुणाला तरी सुचला असणार. चळवळ पसरते म्हणतो तेव्हा खरं तर इतकंच घडलेलं असतं: बातमी येते, आणि गाव तिच्यात आपली विहीर शोधतं. भाषणं, झेंडे, पत्रकं हा सगळा नंतरचा सरंजाम.

एप्रिलच्या शेवटी छापखान्यांवर वटहुकूम येतो. जामीन भरा, नाहीतर बंद करा. बरीच वर्तमानपत्रं बंद पडतात, आणि सरकारला वाटतं की बातमी थांबली. तुम्ही मात्र पहाटे प्रभातफेरीच्या आवाजाने जागे होता, हातोहात फिरणारं सायक्लोस्टाइलचं पत्रक वाचता. शिवाय सरकारने स्वतःच एक सोय करून ठेवलेली आहे: तुरुंग. चार तालुक्यांचे सत्याग्रही एका बराकीत आणून बसवायचे आणि काही महिन्यांनी त्यांना चार दिशांना सोडून द्यायचं, यापेक्षा चांगली टपालव्यवस्था काँग्रेसला स्वतःच्या पैशाने उभारता आली नसती.

मे महिना झपाट्याने जातो. शिरोड्याची मिठागरं, वडाळ्याची मिठागरं, 21 तारखेला धारासणाला डोक्यावर पडणाऱ्या लाठ्या. सोलापुरात गोळीबार आणि मग थेट लष्करी कायदा. हे सगळं तुम्ही शाळेत वाचलेलं आहे. पाठ्यपुस्तक जिथे संपतं तिथून पुढे, पावसाळ्यात चला.

जून. पाऊस लागला की मीठ पिकत नाही; मिठागरं ओस पडतात. काँग्रेसच्या कार्यकारिणीने मे महिन्यातच महाराष्ट्र, कर्नाटक आणि मध्यप्रांतासाठी जंगल कायदा मोडायला मोकळीक दिली आहे. ज्या पावसाने मीठ बंद पाडलं, त्याच पावसाने राखीव जंगलात गवत वर काढलं. मुहूर्त निसर्गानेच लावून दिला म्हणायचा.

मूर्तिजापूरला गाडी बदलून तुम्ही यवतमाळच्या छोट्या गाडीत बसता. ही इतकी सावकाश चालते की डब्यातल्या डब्यात सत्याग्रहाची अख्खी चर्चा पार पडते. पुढे पुसदपर्यंत चिखल तुडवत मोटार, नि मोटार रुतली की पाय.

10 जुलै, गुरुवार. बापूजी अणे पुढे आहेत. वणीकडचे, पेशाने वकील, टिळकांच्या वळणाचे, पन्नाशीला आलेले. सगळं आखीव आणि जाहीर आहे: तारीख ठरलेली, जागा ठरलेली, पोलिसांनाही ठाऊक. राखीव जंगलात शिरायचं, विनापरवाना गवत कापायचं, अटक करून घ्यायची. अणे गवत कापतात. त्यांना सहा महिन्यांची सजा होते. मग तुकड्यांमागून तुकड्या. 21 जुलैला यवतमाळजवळ संघाचे संस्थापक डॉ. हेडगेवारही याच सत्याग्रहात उतरतात आणि अकोल्याच्या तुरुंगात जातात. वऱ्हाडातल्या त्या पावसाळ्यात गवत कापायला कोण कोण आलं होतं, हे आज ऐकणाऱ्याला जरा चमत्कारिक वाटेल.

तुम्ही मात्र गर्दीच्या मागच्या बाजूला उभे राहा. मजा तिथे आहे. शहरातून आलेल्या स्वयंसेवकाने विळा हातात धरला की बाया पदर तोंडाला लावतात. एक शेतकरी शेजाऱ्याला हळूच म्हणतो, “जुलैत कोन गवत कापते गा? अजून पोटरीले बी लागलं नाही.” गवत कापायचा खरा हंगाम पाऊस सरल्यावर. आत्ता जनावरं चारायची असतात. पुढे उभ्या असलेल्यांना गवत ही खूण आहे, मूठभर कापलं की काम झालं. मागे उभ्या असलेल्यांसाठी तो चारा आहे.

तांड्यावरचा एक बंजारा काठीवर हनुवटी टेकून हे सारं बघतोय. जनावरामागे चराईचे पैसे, पास नसेल तर कोंडवाडा, कोंडवाड्यातून सोडवायला दंड, आणि दंड भरूनही नाकेदाराच्या हातावर काहीतरी ठेवावंच लागतं. नांगरासाठी लाकूड तोडलं तर गुन्हा. हे त्याच्या बापाच्या काळापासून चालू आहे, त्यासाठी त्याला कुणाच्या भाषणाची गरज नव्हती. आज त्याने नवीन पाहिलं ते एवढंच, की मोठी माणसं दिवसाउजेडी, सगळ्यांसमोर, नाकेदाराच्या डोळ्यांत बघून तेच करतात जे तो रात्री चोरून करत आला. तो तुम्हाला विचारतो, “मूठभर कापलं तर सहा महिने. मंग ढोरंच घातली आत, तर?”

तुमच्याकडे उत्तर नाही. नेत्यांकडेही नसतं. त्यांनी आखून दिलेला सत्याग्रह टापटिपीचा होता. खालच्या माणसाने तो हातात घेतला की गाई-बैलांसकट घेतला. ऑगस्टमध्ये बैतूलकडे गोंड आणि कोरकू जंगलात उतरतात, त्यांच्यापुढे गंजनसिंह कोरकू असतो. ऑक्टोबरमध्ये सिवनीच्या टुरियात पोलिसांच्या गोळ्यांनी चार जीव जातात, त्यात तीन बाया. इकडे दक्षिणेत, शिराळ्याच्या बिळाशीत, गवतावर थांबायला कुणीच तयार नाही: राखीव जंगलातला साग तोडून त्याची काठी केली जाते आणि तिच्यावर तिरंगा चढतो. पोलिसांना झेंडा उतरवायचाय, गावाला काठी राखायची आहे. तिथेही गोळ्या झाडल्या जातात.

तुम्हाला अजून एक ठिकाण बघायचं आहे, त्यासाठी मुंबईची गाडी धरा. पहाटे नाशिक रोड लागतं. इथल्या काळाराम मंदिरासमोर 2 मार्चपासून सत्याग्रह चालू आहे, म्हणजे गांधी साबरमतीहून निघाले त्याच्या दहा दिवस आधीपासून. शब्द तोच, बसणंही तेच, पण समोर इंग्रज सरकार नाही, अस्पृश्यांसाठी बंद असलेलं मंदिराचं दार आहे. आंबेडकरांच्या माणसांनी तीन वर्षांपूर्वी महाडच्या तळ्यावर हे हत्यार परजून घेतलंय. स्वराज्यवाल्यांतल्या अनेकांना हा सत्याग्रह आपला वाटत नाही. एखादी रीत एकदा गावोगाव गेली की ती कुणी कशासाठी वापरावी यावर मूळ मालकाची सही लागत नाही, आणि मला विचाराल तर त्या वर्षातली सगळ्यात मोलाची गोष्ट हीच होती.

25 सप्टेंबर. नवरात्र बसलेलं आहे. तुम्ही कुलाबा जिल्ह्यात, उरणजवळच्या चिरनेरला. गंमत बघा, इथे समुद्र हाकेच्या अंतरावर, खाडी आहे, मिठागरं आहेत. दहीहांड्याने ज्यासाठी विहीर उपसली ते इथे पायाशी पडलेलं. आणि गाव निघालंय पाठ फिरवून, अक्कादेवीच्या डोंगराकडे.

कारण भातशेती. कोकणात रोप टाकण्याआधी वाफा भाजून घ्यावा लागतो: टहाळ, पालापाचोळा, शेण अंथरायचं आणि उन्हाळ्यात पेटवायचं. त्याला राब म्हणतात. राबाला टहाळ हवा, टहाळ डोंगरात, डोंगर सरकारजमा. ही तक्रार इतकी जुनी की 1885 साली सरकारनेच ठाणे आणि कुलाब्यातल्या जंगल-गाऱ्हाण्यांसाठी आयोग बसवला होता. आयोग उठून गेला, गाऱ्हाणं उठलं नाही. पंचेचाळीस वर्षांनी त्याला सत्याग्रह हे नाव मिळालं एवढंच.

आगरी, कोळी, कातकरी, आसपासच्या गावांतले लोक चढणीला लागले आहेत. तुमच्या पुढच्या माणसाच्या कमरेला आकडी आहे, आकडीत कोयता. तो लढायला आणलेला नाही, रानात जाताना जसा रोज लावतात तसा लावलाय. पण वऱ्हाडातला वकिलाच्या हातातला विळा आणि हा कोयता यांत फरक आहे, आणि बंदूक घेतलेल्या शिपायाला तो पहिल्या नजरेत दिसतो.

गोळीबार होतो. गावकऱ्यांपैकी आठ जण मरतात. त्यातला एक नाग्या महादू कातकरी, रानावाचून ज्याला दुसरं घर नव्हतं अशा जमातीतला. मामलेदार जोशीही त्या गदारोळात मारले जातात. ते कसे, यावर सरकारचं सांगणं एक आणि गावाचं दुसरं. मग धरपकड, आणि गावकऱ्यांवर खटला. त्या खटल्यात आरोपींच्या बाजूने कोर्टात उभे राहिलेल्या वकिलांमध्ये डॉ. बाबासाहेब आंबेडकर असतात. कायदेभंगाच्या चळवळीपासून ते लांब होते. चिरनेरच्या माणसांपासून नव्हते.

आता एकदम पुढच्या मार्चमध्ये या. 5 मार्च 1931 रोजी दिल्लीत गांधी आणि आयर्विन यांचा करार झालेला आहे. सत्याग्रही सुटणार, पण ज्यांच्यावर हिंसेचा आरोप आहे ते नाहीत. म्हणजे चिरनेरचे आरोपी आहेत तिथेच. पुसदच्या बाजारात एक मास्तर पारावर बसून वर्तमानपत्र मोठ्याने वाचतायत. मिठाचं कलम येतं: जिथे मीठ गोळा करता येतं किंवा बनवता येतं, तिथल्या लगतच्या गावकऱ्यांना घरच्यापुरतं आणि गावात विकण्यापुरतं मीठ घेता येईल. लोक माना डोलावतात. दहीहांड्याचा कुणी असता तर खूश झाला असता.

काठीवर हनुवटी टेकलेला तो बंजारा गर्दीत आहेच.

“अन् गवताचं काय लिवलं?”

मास्तर पान उलटतात, परत मागचं पान बघतात. चष्मा पुसून पुन्हा एकदा सगळी कलमं नजरेखालून घालतात.

“गवताचं नाही बा काही.”

तो काठी उचलतो. उन्हाळा तोंडावर आहे, तांड्यावर जनावरं उपाशी आहेत आणि नाक्यावर पासाशिवाय सोडत नाहीत. रात्रीची वाट त्याला माहीत आहे. जुलैपासून दिवसाचीही माहीत झाली आहे. कुठल्या वाटेने जायचं ते तो बाजाराच्या टोकाला त्याच्या तांड्यातल्या दुसऱ्या दोघांशी ठरवत उभा आहे.