अध्यापकाचें थकलेलें वेतन : एक प्राचीन अर्ज

स्मृतिकारांनीं व्यवहाराचीं जीं अठरा पदें गणिलीं आहेत त्यांत ठरलेलें वेतन न देणें हें एक स्वतंत्र पद आहे. मनु त्यास वेतनादान म्हणतो, नारद वेतनस्यानपाकर्म म्हणतो. परंतु या प्रकरणांत मुख्यतः गुराखी, नांगऱ्या, भारवाहक यांचाच विचार आहे. अध्यापकाची अडचण वेगळी होती. द्रव्य ठरवून शिकविणाऱ्या भृतकाध्यापकास मनूनें श्राद्धास वर्ज्य ठरविलें व तें कर्म उपपातकांत घातलें. ज्यानें वेतन ठरवूंच नये, त्यानें तें बुडालें म्हणून न्यायसभेंत कोणत्या तोंडानें जावें?

कौटिल्याची दृष्टि व्यवहारी आहे. आचार्य व विद्यावंत यांस ५०० पासून १००० पणांपर्यंत पूजावेतन द्यावें असें तो सांगतो. यांतील ‘पूजा’ शब्दानें मान राखला व ‘वेतन’ शब्दानें हक्क राखला, असें आम्हांस वाटतें. वेतन अडविणाऱ्यास त्यानें दशांश किंवा ६ पण दंड सांगितला आहे. देणें नाकबूल करणाऱ्यास पंचमांश किंवा १२ पण. राजद्रव्य लाटण्याचे जे चाळीस प्रकार तो मोजतो त्यांत द्यावयाचें तें न देणें, वेळेवर न देणें व अवेळीं देणें हेही येतात. इतकेंच नव्हे, तर अमक्या अधिकाऱ्यामुळें ज्यांची हानि झाली असेल त्यांनीं कळवावें अशी दवंडी पिटवावी, व जे कळवितील त्यांची हानि भरून द्यावी, असाही नियम आहे. महिनाअखेर कचेरीच्या पायऱ्या झिजविलेल्या आमच्या व्यवसायबंधूंस ही दवंडी ऐकावयास आवडली असती.

हें झालें शास्त्र. अध्यापकाच्या पदरांत प्रत्यक्ष काय पडे हें कळण्यास त्याच्याच हातचा कागद पाहिजे. तसा एक कागद मिसर देशांत ऑक्सिऱ्हिंकस या प्राचीन नगराच्या अवशेषांत सांपडला असून पार्सन्स या विद्वानानें तो १९७६ मध्यें प्रसिद्ध केला. लोलिआनस नांवाचा तेथील सार्वजनिक व्याकरणाध्यापक व्हॅलेरिअन आणि गॅलिएनस (इ. स. २५३ ते २६०) या रोमन सम्राटांस अर्ज करीत आहे. अर्जाचे दोन मसुदे व सोबतचें एक पत्र एकाच पपायरसावर आहे.

त्याची नेमणूक नगरसभेनें केलेली, आणि वेतन थकविणारीही तीच. पत्रांत तो लिहितो कीं नेहमींचें वेतन मिळतच नाहीं. क्वचित् मिळालें तर आंबलेली दारू आणि किडके धान्य या रूपानें मिळतें. हें पत्र ज्यास लिहिलें त्यास तो बंधु म्हणतो. त्या गृहस्थाचें दरबारीं वजन होतें व त्याच्यामार्फत सम्राटांची आज्ञा मिळवावी हा हेतु. अर्जाची भाषा अर्थातच आर्जवाची आहे. परंतु ती नीट वाचली म्हणजे तींत दयेची याचना नाहीं असें दिसून येतें. आपल्या पूर्वजांनीं नगराच्या मानानें सार्वजनिक अध्यापक नेमून त्यांस वेतन देण्याची आज्ञा केली आहे, याची तो सम्राटांस आठवण देतो. म्हणजे त्याचा आधार पूर्वींचा राजनियम हा आहे. पोटासाठीं वणवण करावी लागल्यास मुलांकडे लक्ष देतां येत नाहीं, हें त्याचें दुसरें कारण.

मागणी मात्र चतुर आहे. थकबाकी द्या असें तो म्हणतच नाहीं. नगराच्या तटाच्या आंत सार्वजनिक मालकीची एक बाग होती. तिचा खंड ६०० अ‍ॅटिक येई. ती बाग, झाडें आणि पाण्यासह, आपल्या नांवें करावी एवढेंच त्याचें मागणें. किडक्या धान्याचा अनुभव घेतलेला मनुष्य आज्ञेपेक्षां झाडांवर अधिक विश्वास ठेवतो! अर्जाच्या निकालाचा कागद मात्र सांपडलेला नाहीं.

पुढें इ. स. ३२१ च्या सुमारास कॉन्स्टंटाइननें वैद्य व अध्यापक यांचीं वेतनें चुकतीं करावीं असा कायदा केला. नियम वारंवार करावा लागतो तो पाळला जात नाहीं म्हणून, हें इतिहासाच्या अभ्यासकांस सांगावयास नको.

लोलिआनसनें जें मागितलें तें आपल्याकडे दानशासनांनीं केलें. खानदेशांतील पाटणें येथील शके ११२८ (इ. स. १२०७) चा शिलालेख वाचकांच्या परिचयाचा आहे. भास्कराचार्यांचा नातू व यादव सिंघणाचा ज्योतिषी चांगदेव यानें आजोबांच्या ग्रंथांच्या अध्यापनासाठीं मठ स्थापिला व निकुंभवंशीय सोइदेवानें त्यास देणगी दिली. लेखाच्या मराठी भागांत ही देणगी कोठून यावयाची तें बारकाईनें नमूद केलें आहे. पाटणांत जो माल उघडेल त्यावर गिऱ्हाइकाकडून राउळास मिळणारें उत्पन्न मठास दिलें, आणि चालत्या घाण्यामागें एकेक पळी तेल. पैसा सरकारी खजिन्यांत जाऊन तेथून अध्यापकाकडे यावयाचा, ही वाट आमच्या मतें येथें मुद्दामच टाळली आहे.