पाकज्ञान चाचणी (एआय भाषा-मॉडेलांची)

एआय भाषा-मॉडेलला स्वयंपाक व चव कितपत उमगते, हे तपासण्याची पद्धत. २०१८ च्या ‘रेसिपीक्यूए’ संचात सुमारे २० हजार पाककृतींवर ३६ हजारांहून अधिक प्रश्न होते. भर कृतीच्या क्रमावर आणि चित्रांवर, चवीवर नव्हे. पाठ असलेली कृती कोणतेही मॉडेल घडाघडा सांगते. खरी कसोटी ‘सोलकढी उकळावी का?’ अशा प्रश्नांत लागते, कारण उकळी आली की नारळाचे दूध फुटते. ही समज नसली की काय होते, ते मे २०२४ मध्ये दिसले: गूगलच्या एआय सारांशाने पिझ्झ्याच्या सॉसमध्ये चक्क गोंद सुचवला. त्या सल्ल्याचे मूळ एका जुन्या थट्टेत होते. समान गंधद्रव्ये असलेले घटक एकमेकांशी जुळतात, हा चव जोखण्याचा ठोकताळाही अपुरा: जोधपूर आयआयटीच्या २०१५ मधील अभ्यासात भारतीय पाककृती नेमक्या उलट आढळल्या.