पहिल्या आवृत्तीचा आग्रह

१/ 'ग्रँड थेफ्ट ऑटो: सॅन अँड्रियास' संगणकावर जून २००५ मध्ये अवतरला. मॉड करणारे आजही त्याची १.० हीच आवृत्ती मागतात. असे का?

२/ त्याच वर्षी 'हॉट कॉफी' मॉडने खेळात दडलेला प्रणयप्रसंग उघड केला. जुलैत अमेरिकी मानांकन मंडळाने खेळ 'केवळ प्रौढांसाठी' ठरवला. रॉकस्टारने तो भाग वगळून, मॉडना अटकाव करणारी आवृत्ती काढली.

३/ अनेक मॉड प्रोग्रॅमच्या मेमरीतील ठरावीक पत्त्यांवर विसंबतात. आवृत्ती बदलताच पत्ते सरकतात, मॉड निकामी होतात. म्हणून खेळ १.० वर परत नेणारी साधने जन्मली.

४/ २०१४ मध्ये स्टीमवरील प्रतीतून काही गाणीही गळाली. पोथीचे पाठभेद शेजारी-शेजारी उरतात; येथे नवा पाठ जुन्याला पुसतो. मूळ पाठ चाहत्यांनीच राखला.