खपली गहू आणि जगाचा बाजार

पाचगणीच्या टेबललँडच्या काठावर उभे राहिले म्हणजे खाली कृष्णेचे खोरे दिसते. हीच नदी वाईवरून साताऱ्याजवळच्या माहुलीस, तिथून कराडला आणि पुढे सांगलीला जाते. या खोऱ्यात पिढ्यान्‌पिढ्या एक जुना गहू पेरला जातो. त्याचे नाव खपली. सणावाराला किंवा लग्नकार्यात गुळाची खीर करायची तर ती खपलीचीच, असे सांगली-कोल्हापूरकडचे लोक सांगतील. या घरगुती धान्याची गोष्ट जगाच्या बाजाराशी कशी जोडली गेली, ते आज थोडक्यात पाहू.

खपलीचा मोठा गुण आणि मोठा दोष एकच आहे. तो म्हणजे तिचे टरफल. साध्या गव्हाची मळणी केली की दाणा सुटा होतो. खपलीची ओंबी मोडते, पण दाणा आपल्या सालीतच राहतो. मग उखळात घालून, थोडे पाणी शिंपडून, मुसळाने तो सडावा लागतो. त्या सालीमुळे दाणा साठवणीत टिकतो खरा, पण बायाबापड्यांचे हात भरून येतात. आणि व्यापारी विचारतो, ‘‘साल कशाला विकत घेऊ?’’

हा व्यापारी आला कुठून? 1869 साली सुवेझचा कालवा खुला झाला. 1870 मध्ये मुंबई ते कलकत्ता आगगाडी जोडली गेली. 1873 साली सरकारने गव्हावरची निर्यात जकात उठवली. या तीन गोष्टी जुळून आल्या आणि हिंदुस्थानचा गहू लंडनला जाऊ लागला. पंजाबचा कराचीवरून, नर्मदेच्या खोऱ्यातला मुंबईवरून. साताऱ्याचे रोजचे अन्न ज्वारी-बाजरी. इथला गहू बव्हंशी घरच्यासाठी, म्हणून या वाहत्या गंगेत तो फारसा उतरला नाही.

त्या व्यापाराची एक रीत मात्र ध्यानात ठेवण्यासारखी आहे. लंडनच्या करारात शेकडा 5 पर्यंत माती-कचरा चालत असे. धान्य त्याहून स्वच्छ दिले तरी भाव काही वाढत नसे. परिणाम काय व्हायचा तो झाला. शेतकऱ्याने स्वच्छ माल दिला तरी मधले लोक त्यात माती मिसळून ती पाचाची भरती करीत. नाव मात्र हिंदी गव्हाचे खराब झाले. बाजार ज्याचा दाम देत नाही, ते बाजारात टिकत नाही, हे त्यावरून उघड झाले.

पुढे 1929 नंतरच्या मंदीत जगभर गव्हाचे भाव कोसळले. ऑस्ट्रेलियाचा स्वस्त गहू कलकत्त्याला उतरू लागला, तेव्हा 1931 साली सरकारला आयातीवर जकात बसवावी लागली. ज्या देशाने परदेशाला गहू पुरवला, त्यालाच आता परदेशी गव्हापासून आपला शेतकरी वाचवायचा होता.

इकडे खपलीचा प्रवास निराळ्याच वाटेने चालला होता. गव्हाचा जुना वैरी म्हणजे तांबेरा. पानावर, देठावर तांबूस भुकटी दिसू लागली की शेतकऱ्याच्या पोटात गोळा येतो. अमेरिकेत मिनेसोटाचे शास्त्रज्ञ स्टॅकमन आणि त्यांचे सहकारी लेव्हिन यांनी देठावरच्या तांबेऱ्याच्या जाती ओळखण्यासाठी 12 गव्हांचा एक संच ठरवला. 1922 मध्ये तो प्रसिद्ध झाला. कोणता तांबेरा कोणत्या गव्हाला लागतो, हे पाहून त्याची जात सांगायची. त्या बारांत हिंदुस्थानातून गेलेला एक गहू होता आणि त्याचे नाव तिथेही तेच राहिले : खपली. ऑस्ट्रेलियात सिडनी विद्यापीठाच्या वॉटरहाऊस यांनी खपलीचा संकर साध्या गव्हाशी केला आणि त्यातून ‘खपस्टीन’ नावाचा गहू निघाला. 1998 साली युगांडात तांबेऱ्याची एक भयंकर नवी जात आढळली आणि जगभरचे गहू तिला बळी पडू लागले. त्या वेळी तिला तोंड देणारा जो थोडा ऐवज शास्त्रज्ञांपाशी होता, त्यात खपलीत सापडलेला एक अनुवंशिक गुणही होता.

आपल्याकडे आग्र्याचे प्राध्यापक मेहता यांनी दाखवून दिले की मैदानातल्या उन्हाळ्यात तांबेरा जगत नाही. तो थंड डोंगरांवर तग धरतो आणि तिथून वाऱ्याबरोबर खाली येतो. पाचगणीहून थोड्याच अंतरावर महाबळेश्वरला गव्हाच्या तांबेऱ्याचे संशोधन केंद्र आहे. तिथे मुद्दाम तांबेरा लावून गव्हाची परीक्षा घेतात. स्ट्रॉबेरी खायला जाणाऱ्या किती जणांना हे ठाऊक असते?

आता खताकडे वळू. आज ज्याला सेंद्रिय शेती म्हणतात, तिचे एक उगमस्थान आपल्या होळकरांच्या इंदुरात आहे. पुसा येथे गव्हाच्या सुधारित जाती काढणारे अल्बर्ट हॉवर्ड 1924 साली इंदूरला आले. तिथे त्यांनी आणि यशवंत वाड यांनी काडीकचरा, शेण, गोमूत्र मुरलेली माती व राख यांचे थर रचून, खालीवर करून सुमारे 3 महिन्यांत कंपोस्ट करण्याची पद्धत बसवली. 1931 साली दोघांच्या नावाने तिचे पुस्तक निघाले आणि इंदूर पद्धत जगभर पोचली. हॉवर्ड यांचे नाव सगळे घेतात. वाडांचे मात्र फार थोडे.

खपलीला हे खत मानवते, त्याचे कारण साधे आहे. तिचे जुने वाण उंच. युरिया जास्त झाला की ताट लोळते. 1966 साली मेक्सिकोहून 18,000 टन बुटक्या गव्हाचे बियाणे आले, ते रासायनिक खत पचवून उभे राहणारे होते. त्याच वर्षी देशाला सुमारे 1 कोटी टन धान्य बाहेरून आणावे लागले होते, म्हणून त्या बियाण्याला नावे ठेवून चालणार नाही. त्याने भूक भागवली. पण खपली मागे पडली ती तेव्हापासून. उसाने चांगली पाण्याची जमीन घेतली, नव्या गव्हाने उरलेली घेतली. खपली राहिली ती खिरीपुरती, म्हणजे घरातल्या बायकांच्या आग्रहामुळे.

आज तिचे दिवस पालटले आहेत. शहरांत तिचे पीठ साध्या गव्हाच्या कितीतरी पट भावाने जाते. पुण्याच्या आघारकर संस्थेने आणि धारवाडच्या कृषी विद्यापीठाने बुटके, न लोळणारे वाणही काढले आहेत. साध्या गव्हाचे भाव दूरच्या लढाईनेही हलतात. 2022 च्या फेब्रुवारीत युक्रेनमध्ये युद्ध पेटले आणि 13 मे रोजी भारताने गव्हाची निर्यात थांबवली; चढा भाव आलेला शेतकरी हातावर हात ठेवून बसला. खपलीचे गिऱ्हाईक घराजवळचे, म्हणून तिला अशी झळ थोडी कमी लागते.

तरी जपून पाऊल टाकावे. खपलीतही ग्लूटेन असते. ज्याला ते वर्ज्य आहे त्याने फसू नये. तिचे उत्पन्न साध्या गव्हाहून कमी, आणि सडल्यावर वजन आणखी घटते. सेंद्रिय म्हणून अधिकृत दाखला मिळवायचा तर दोन-तीन वर्षे रसायनाविना काढावी लागतात; त्या काळात खर्च आजचा आणि भाव उद्याचा. आणि दाखल्याशिवायच कोणी पिशवीवर ‘सेंद्रिय’ छापून विकू लागला, तर लंडनच्या त्या शेकडा पाचाचीच गोष्ट पुन्हा घडेल. खऱ्या शेतकऱ्याचा दाम खोट्याबरोबर बुडेल. याला उपाय आहे. गावच्या शेतकऱ्यांनी गट करून एकमेकांची शेते तपासायची आणि गटाने दाखला घ्यायचा, अशी सरकारमान्य पद्धत आपल्याकडे आहे. त्याच गटाने सडण्याचे यंत्र गावात बसवले तर कोंडा गुरांना राहतो आणि चार पैसेही गावात राहतात.

राहता राहिले बियाणे. भाव चढा असला तरी निवडक ओंब्यांचे एक पोते सालीसकट पुढल्या पेरणीसाठी बाजूला ठेवावे. बाजार पाठ फिरवील त्या वर्षीही ते उपयोगी पडेल.