विटाळलेले पाणी, नासलेले पाणी

आमच्या वस्तीला नळ आला तो १९७८ साली. मराठवाड्यातल्या एका तालुक्याच्या गावची ही वस्ती, साठेक उंबऱ्यांची. त्यापूर्वी आईची पिढी गावविहिरीपाशी घागर घेऊन ताटकळत बसायची. कुणाला दया आली तर वरून धार धरायची. म्हणून नळ सुरू झाला त्या दिवशी आईने घागर लावण्याआधी तोटीला हात लावून पाहिला. एकदा, मग पुन्हा एकदा. कुणी हटकले नाही. तिला एवढे पुरे होते. तो नळ कुठे बसवला आहे हे पाहावे असे तिला वाटले नाही, आणि मी शिकलेला असूनही मलाही वाटले नाही. गावातली नाली जिथे उघडी होऊन ओढ्याकडे वळते, बरोबर तिथे आमचे नळकोंडाळे होते. पाइप त्या नालीतूनच आला होता.

१९८३ च्या पावसाळ्यात पहिल्या घागरीला वास येऊ लागला. आई म्हणाली, "पाण्याला घाण मारतीय रं." मी म्हणालो, पहिले पाणी सांडून दे, मग भर. पाच-सहा आठवड्यांनी वस्तीत एकेकाचे डोळे पिवळे व्हायला लागले. कुणी डोक्यावर काविळीची माळ घातली, कुणी चुन्याच्या निवळीत हात धुऊन कावीळ 'उतरवून' आले. माझी वहिनी आठव्या महिन्यात होती. चौथ्या दिवशी तिची शुद्ध हरपली, सहाव्या दिवशी ती पोटातल्या जिवासकट गेली. आम्ही अर्ज घेऊन गेलो तेव्हा कचेरीतले एक साहेब म्हणाले, "तुम्ही लोक पाणी उकळून पीत नाही, त्याला आम्ही काय करणार?"

हे वाक्य मी चाळीस वर्षांहून अधिक काळ जवळ बाळगून आहे. मी शाळेत इतिहास शिकवला. उत्तर इतिहासात शोधायची खोड त्यामुळेच लागली असेल.

आपल्या समाजाने पाण्याची राखण पिढ्यान् पिढ्या केली. पण ती कशापासून केली? २० मार्च १९२७ रोजी बाबासाहेबांच्या मागोमाग हजारो माणसे महाडच्या चवदार तळ्यावर गेली आणि ओंजळीने पाणी प्याली. मुंबई कायदेमंडळाने बोले ठराव १९२३ सालीच केला होता आणि महाडच्या नगरपालिकेने पुढच्याच वर्षी तळे खुले केल्याचा ठराव केला होता. कागदावर सारे होते. प्रत्यक्षात त्या तळ्यावर गुरे पाणी पीत होती, पण अस्पृश्यांना बंदी होती. सत्याग्रहानंतर सवर्णांनी तळ्याची 'शुद्धी' केली. कशाने? १०८ घागरींतून शेण, गोमूत्र, दूध आणि दही तळ्यात ओतून. माणसाच्या ओंजळीने पाणी बाटले आणि शेणाने ते शुद्ध झाले! मुंबईची हाफकिन संस्था काही महाडपासून फार दूर नव्हती. त्या पाण्याचा एक थेंब तपासायला पाठवावा असे शुद्धी करणाऱ्यांपैकी कुणाला सुचले नसेल, कारण प्रश्न जंतूंचा नव्हताच. तो हक्काचा होता, आणि त्यासाठी १९३७ च्या मार्चपर्यंत, म्हणजे उच्च न्यायालयाचा निकाल लागेपर्यंत, झगडावे लागले.

पाण्याचा दुसरा इतिहास याच काळात जगात लिहिला जात होता. १८५४ साली लंडनमध्ये जॉन स्नो या डॉक्टराने पटकीने मेलेल्यांची घरे नकाशावर मांडली आणि बोट ठेवले ते ब्रॉड स्ट्रीटवरच्या पाण्याच्या पंपावर. १८८३ सालच्या अखेरीस रॉबर्ट कॉक आपल्या देशात आला. कलकत्त्यात ज्या तलावात लोक अंघोळ करीत, धुणे धूत आणि ज्याचेच पाणी पीत, त्या तलावात त्याला पटकीचे जंतू सापडले. १८९२ साली जर्मनीतल्या हॅम्बुर्ग शहराने एल्ब नदीचे पाणी न गाळताच नळाला सोडले आणि सुमारे ८,६०० माणसे गमावली. शेजारचे आल्टोना वाळूतून गाळलेले पाणी पीत होते, ते बचावले. नदी एक, हद्द एका रस्त्याची. आणि हॅम्बुर्गमध्येही, ज्यांच्या घरी पाणी उकळायला मोलकरीण होती त्या घरांत मरण कमी शिरले. उकळून प्या हा सल्ला तिथेही सर्वांना सारखा परवडणारा नव्हता.

म्हणजे पाणी नासवते ती विष्ठा. हे शास्त्राने सव्वाशे वर्षांपूर्वीच सिद्ध केले. आपल्याकडे मात्र विष्ठा वाहून नेण्याचे काम एका जातीच्या डोक्यावर दिले आणि त्याच जातीला पाण्यापासून दूर ठेवले. घाण कुणी करायची, उपसायची कुणी आणि पाण्यावरून हाकलायचे कुणाला, ही वाटणी ज्या समाजात ठरून गेलेली आहे, त्या समाजाला विटाळ आणि घाण यांतला फरक कळायला वेळ लागतो. तो अजून लागतो आहे. डिसेंबर २०२२ मध्ये तमिळनाडूच्या पुदुक्कोट्टै जिल्ह्यातल्या वेंगैवयल येथे मुले आजारी पडू लागली म्हणून दलित वस्तीची पाण्याची टाकी पाहिली, तर तिच्यात मानवी विष्ठा निघाली. दोन वर्षांनी, जानेवारी २०२५ मध्ये, तपासयंत्रणेने आरोपपत्र ठेवले ते त्याच वस्तीतल्या तीन तरुणांवर. वस्तीने ते साफ नाकारले.

पण दरवेळी कुणी टाकीत घाण टाकायला लागत नाही. नळच ते काम करतो, आणि कसे ते आपल्या कार्यकर्त्यांनी नीट समजून घेतले पाहिजे. आपल्याकडे पाणी चोवीस तास नसते, तासा-दोन तासांपुरते सुटते. पाणी चालू असते तेव्हा पाइपात दाब असतो आणि गळतीतून पाणी बाहेर पडते. पाणी बंद झाले की पाइप रिकामा होतो, आणि त्याच भोकांतून बाहेरचे पाणी आत ओढले जाते. पाइप नालीत बुडालेला असेल तर नालीचे. वर कुणी थेट नळाला मोटार लावली तर ही ओढ आणखी वाढते. पुन्हा पाणी सुटते तेव्हा आत शिरलेली घाण सगळ्यांत आधी शेवटच्या नळाला पोचते. आणि शेवटचा नळ कुणाच्या वस्तीत असतो, हे मी या वाचकांना सांगायला नको. मुंबईत तर 'अनधिकृत' म्हणून लाखो लोकांना रीतसर जोडणीच नाकारली गेली. त्यांनी लांबून, गटारातून, हाताने पाइप आणले. १५ डिसेंबर २०१४ रोजी पाणी हक्क समितीच्या याचिकेवर मुंबई उच्च न्यायालयाला सांगावे लागले की झोपडी बेकायदा असली तरी माणसाचा पाण्याचा हक्क बेकायदा होत नाही.

राजधानीच्या नळालाही हे चुकले नाही. १९५५ च्या नोव्हेंबरात दिल्लीत, पुरानंतर यमुनेचा प्रवाह सरकला आणि नजफगढ नाल्याचे सांडपाणी वझिराबादच्या पंपघराकडे उलटे गेले. अभियंत्यांनी तुरटी वाढवली, क्लोरीन वाढवले. विषमज्वर, हगवण यांची साथ आली नाही. पण डिसेंबर-जानेवारीत सुमारे २९,००० लोकांना कावीळ झाली, आणि गरोदर बाया त्यात अधिक दगावल्या. पुण्याच्या विषाणू संस्थेतल्या संशोधकांचा हात असलेल्या तपासणीतून १९८० साली कळले की साठवून ठेवलेल्या त्या रक्तनमुन्यांतली कावीळ 'ए' नव्हे आणि 'बी' ही नव्हे. तिला पुढे 'ई' हे नाव मिळाले. हे मी वाचले तेव्हा वहिनीला जाऊन बरीच वर्षे लोटली होती. तिच्या कावीळीचे नाव कुणी शोधले नव्हते, पण गरोदरपणाच्या शेवटच्या तीन महिन्यांत ही कावीळ झालेल्या बायांपैकी पाचातली एक मरू शकते, हे वाचून मी पुस्तक मिटले. २०१२ साली इचलकरंजीत पुन्हा तीच कावीळ, नळाच्याच पाण्यातून.

आता साहेबांच्या त्या वाक्याकडे येतो. उकळून प्यावे हे खरेच आहे. पाण्याला खळखळून उकळी येऊन ती मिनिटभर टिकली की जिवाणू, विषाणू, आमांशाचे जंतू सारे मरतात. 'ई' कावीळही मरते. पण मी हिशेब मांडून पाहिला. सहा माणसांच्या घरात नुसते पिण्याचे बारा लिटर पाणी वातीच्या स्टोव्हवर उकळायचे तर दिवसाला पाव लिटरच्या आसपास रॉकेल जाते. महिन्याला सात लिटर. स्वयंपाकालाच रॉकेल पुरत नव्हते त्या घरात! एका नालीतला पाइप बाहेर काढण्याचा खर्च वाचला, तो साठ घरांतल्या साठ बायांच्या चुलीवर टाकला गेला.

आणि उकळल्याने सारेच सुटत नाही. अमेरिकेतल्या फ्लिंट शहराचे उदाहरण आपल्याला जवळचे वाटावे. काळ्या बांधवांच्या पँथरवरूनच १९७२ साली आपल्या पँथरने नाव घेतले होते. बहुसंख्य काळ्या वस्तीच्या या शहराला एप्रिल २०१४ मध्ये पैसे वाचवण्यासाठी फ्लिंट नदीचे पाणी दिले गेले. पाइप कुरतडू नये म्हणून घालायचे रसायन घातले नाही आणि जुन्या पाइपांतले शिसे पाण्यात उतरले. मोटारी बनवणाऱ्या जनरल मोटर्सने त्याच वर्षी ऑक्टोबरात ते पाणी वापरणे सोडले, कारण सुटे भाग गंजत होते. माणसे मात्र पुढे वर्षभर तेच पीत राहिली. शिसे उकळून जात नाही. पाणी आटते, शिसे मागे उरते. नायट्रेट, फ्लोराइड, आर्सेनिक यांचेही तसेच. मिशिगनच्या नागरी हक्क आयोगाने २०१७ साली या प्रकरणात व्यवस्थेतल्या वंशद्वेषाचा हात असल्याचे लिहिले. आपल्याकडे कावीळीच्या कुठल्या चौकशी अहवालात जात हा शब्द आलेला मी तरी पाहिला नाही.

तोवर जगायचे आहे, म्हणून घरात काय करावे तेही लिहितो. नळाचे सुरुवातीचे पाणी पिण्यासाठी भरू नये. गढूळ दिसले तर आधी तुरटी फिरवून निवू द्यावे आणि जुन्या सुती लुगड्याच्या चार घड्यांतून गाळावे. हसू नका, बांगलादेशात जुन्या साडीच्या अशा घड्यांनी पटकीचे रोगी निम्म्याच्या जवळपास घटले, हे २००३ साली प्रसिद्ध झालेल्या अभ्यासात आहे. पण गाळणे पुरेसे नाही. मग उकळावे, किंवा क्लोरीनचे थेंब बाटलीवरच्या प्रमाणात टाकून अर्धा तास थांबावे. गढूळ पाण्यात क्लोरीन वाया जाते, म्हणून आधी गाळणे. घरात गरोदर बाई, तान्हे मूल असेल तर उकळलेलेच द्यावे, त्यासाठी बाकीच्यांनी चहा कमी करावा लागला तरी चालेल. आणि पाण्यात हात बुडवू नये, ओगराळ्याने घ्यावे.

या ओगराळ्यावरून आमच्या घरी भांडण झाले होते. साथीनंतर आरोग्यसेविका प्रत्येक घरात लांब दांड्याचे ओगराळे देऊन गेल्या आणि सांगून गेल्या, "पाण्याला हात लावू नका." आईने ते ओगराळे उचलून माळवदावर टाकले. जन्मभर हेच वाक्य ऐकून ती म्हातारी झाली होती. मी तिला समजावले की यात जात नाही, हाताला लागलेली घाण आहे, ती ब्राह्मणाच्याही हाताला असते. ती म्हणाली, "मग साहेब आला तर त्यालाबी ह्याच्यानंच देईन. आन तूबी मास्तर असलास तरी हात घालायचा न्हाई." ओगराळे खाली आले.

पण घरातले उपाय घरापुरते. नळाचा जाब विचारायचा तर पुरावा लागतो, आणि तो अगदी स्वस्त आहे. शुद्ध करून सोडलेल्या पाण्यात शेवटच्या नळापर्यंत थोडे क्लोरीन उरलेच पाहिजे. लिटरला किमान ०.२ मिलिग्रॅम. ते उरले नाही तर एक तर घातलेच नाही, किंवा वाटेत घाणीने ते खाल्ले. ओटीचे थेंब टाकले की क्लोरीन असलेले पाणी पिवळे होते, नसले तर होत नाही. (हे चाचणीचे पाणी पिऊ नये, फेकून द्यावे.) वस्तीतल्या नववी-दहावीच्या पोरींना मी हे शिकवले. त्यांनी एक वही केली आहे. टाकीखालचा नळ, बाजारातला नळ आणि आमचा नळ, तीन रकाने. गेल्या पावसाळ्यात सलग अकरा दिवस पहिले दोन रकाने पिवळे आणि तिसरा कोरा राहिला. ती वही घेऊन आम्ही त्याच कचेरीत गेलो. साहेब नवे होते. उकळून पिण्याबद्दल ते काही बोलले नाहीत. वहीच्या झेरॉक्स मागितल्या. दिवाळीनंतर निम्मा पाइप वर उचलून भिंतीच्या कडेने नेला. उरलेला नव्वद फूट अजून नालीतच आहे. पोरी रोज सकाळी साडेसहाला बाटली घेऊन निघतात.