मालक नसलेल्यांची युनियन

मनोरीत गिरणीचा भोंगा कधी वाजला नाही. मालाडच्या मार्वे धक्क्यावरून फेरीबोटीने खाडी ओलांडली की लगेच मनोरी लागते. गाव मुंबई महापालिकेच्याच हद्दीत आहे, पण परळ-लालबागचा किंवा कुर्ला-घाटकोपरचा कामगार इतिहास जणू खाडीच्या अलीकडेच अडला. इथे कारखान्याचं गेट नाही, त्यामुळे गेटसभाही नाही. कोळी आणि ईस्ट इंडियन वस्तीच्या या गावात पाळी ठरवतो तो समुद्र.

मढपासून मनोरी, गोराई, उत्तनपर्यंतच्या पट्ट्यात मुख्य मासेमारी डोलीची. डोल म्हणजे तोंडाशी ऐसपैस आणि शेपटाकडे निमुळती होत गेलेली लांबलचक जाळ्याची पिशवी. ती पाण्यात ओढत नेत नाहीत. ठरलेल्या जागी जखडून तिचं तोंड प्रवाहासमोर उघडं ठेवतात. भरती-ओहोटीचा रेटा बोंबील, जवळा, करंदी, मांदेली आत लोटतो. पाणी थंडावलं की शेपटाची गाठ सोडून मासळी होडीत ओतायची. उधाणाचे दिवस कामाचे, भांगाचे दिवस जाळी तुणायचे. रात्रीचे तीन वाजलेत की दुपारचे, याच्याशी डोलीला कर्तव्य नाही. मासळी किनाऱ्याला लागली की बायकांची पाळी सुरू होते: निवडणं, बोंबलांची जोडी जबड्यात जबडा अडकवून वलांडीवर टांगणं, पाट्या भरून बाजार गाठणं.

या सगळ्या कष्टात मालक कोण? होडी नाखवाची, पण नाखवा स्वतःही होडीवर जातो, त्याची बायको मासळी विकते, मुलगा इंजिन सांभाळतो. भाव व्यापारी ठरवतो, डिझेलचा दर सरकार, हंगाम पाऊस. संप करायचा तर कोणाविरुद्ध? गिरणी कामगाराने काम थांबवलं तर मालकाचा माल अडतो. कोळ्याने होडी बांधून ठेवली तर त्या दिवशी उपाशी राहतो तो कोळीच.

खाडीच्या शहराकडच्या काठावर हा प्रश्न कधी पडला नव्हता, कारण तिथे मालक दिसत होता. नारायण मेघाजी लोखंडे यांनी १८८४ मध्ये गिरणी कामगारांची संघटना उभी केली आणि १८९० मध्ये रविवारची सुट्टी मिळवली. देशपातळीवरची कामगार संघटना आयटक १९२० साली मुंबईतच स्थापन झाली. स्वातंत्र्यानंतर उपनगरांत मोटारी, औषधं आणि यंत्रसामग्रीचे कारखाने आले आणि त्यांच्यामागून युनियनही आल्या. घाटकोपरच्या पंतनगरात दवाखाना चालवणारे डॉ. दत्ता सामंत आधी तिथल्या दगडखाणींतल्या मजुरांचे पुढारी झाले, मग कारखान्यांचे आणि १८ जानेवारी १९८२ पासून सुमारे अडीच लाख गिरणी कामगारांच्या संपाचे. संप फसला. पण १९८४ मध्ये इंदिरा गांधींच्या हत्येनंतरच्या काँग्रेस लाटेतही ते दक्षिण-मध्य मुंबईतून अपक्ष खासदार म्हणून निवडून आले. एका वस्तीत दाटीने राहणाऱ्या कामगारांच्या मतांना ताकद होती, ती अशी. कोळीवाड्यांना हे कधी जमलं नाही. राज्याच्या किनाऱ्यावर झाईपासून तेरेखोलपर्यंत विखुरलेली मतं एका आमदाराला घाम फोडू शकतात, सरकारला नाही. प्रत्येक पक्षाचा मच्छीमार सेल असतो, तो त्यामुळेच असावा.

मग मालक नसलेल्यांनी युनियन करावी कशी? वाट कायद्यातच होती, पण तिच्याकडे बराच काळ कोणाचं लक्ष गेलं नाही. १९२६ च्या कामगार संघटना कायद्याने युनियनची व्याख्या करताना कामगार आणि मालक यांच्या संबंधांबरोबर कामगार आणि कामगार यांच्यातले संबंधही धरले होते. अहमदाबादेत इला भट्ट यांनी 'सेवा' या स्वयंरोजगार करणाऱ्या बायकांच्या संघटनेची नोंदणी मागितली, तेव्हा या बायकांना मालकच नाही तर युनियन कसली, असा आक्षेप सरकारी खात्याने काढला. युनियन कोणाच्या विरुद्ध असावी लागत नाही, ती कामगारांच्या एकीसाठी असते, असा युक्तिवाद करून १९७२ मध्ये 'सेवा'ने नोंदणी मिळवली. महाराष्ट्रात त्याआधीच हमालांचे पुढारी अण्णासाहेब पाटील यांच्या लढ्यातून १९६९ चा माथाडी कायदा झाला होता. रोज वेगळ्या व्यापाऱ्याची पोती उचलणाऱ्या हमालाला एक मालक नसतो, म्हणून कायद्याने मंडळच मधे उभं केलं. मंडळाकडे हमालाची नोंद झाली, मजुरी मंडळामार्फत मिळू लागली, भविष्यनिर्वाह निधीही मंडळ सांभाळू लागलं. मुंबईच्या कामगार चळवळीची ही सर्वांत कल्पक कमाई. गिरणी संपावर ढिगाने लिहिलं गेलं, माथाडी मंडळावर त्या मानाने फारच थोडं.

समुद्रावरचा संघर्ष पेटला तो गोव्यात. किनाऱ्यावरून सगळं गाव मिळून ओढायचं मोठं जाळं म्हणजे रापण. सत्तरच्या दशकात यांत्रिक ट्रॉलर किनाऱ्यालगत घुसून तळ खरवडू लागले आणि रापणकारांच्या जाळ्यात मासळी येईना. ट्रॉलर सरकारी अनुदानाने आणि बँकेच्या कर्जाने घेतलेले. मथानी साल्ढाणा नावाचा शिक्षक रापणकारांच्या बाजूने उभा राहिला. मोर्चे झाले, उपोषणं झाली, समुद्रात हाणामाऱ्याही झाल्या. १९७८ मध्ये ठिकठिकाणच्या पारंपरिक मच्छीमारांचा राष्ट्रीय मंच तयार झाला. त्याच्या नेतृत्वात साल्ढाणा होते, पुढे केरळचे फादर थॉमस कोचेरी आले. १९८० मध्ये गोवा आणि केरळने, १९८१ मध्ये महाराष्ट्राने सागरी मासेमारी नियमन कायदे केले. किनाऱ्याजवळचा पट्टा लहान होड्यांसाठी राखायचा, हे त्यामागचं मुख्य तत्त्व. मंचाने १९८५ मध्ये कामगार संघटना म्हणून नोंदणी केली आणि नॅशनल फिशवर्कर्स फोरम हे नाव रूढ झालं. स्वतःची होडी असलेला माणूसही त्यात 'वर्कर' ठरला. कारखान्यातल्या कामगार पुढाऱ्याला हे पचणं कठीणच होतं.

या युनियनची खरी परीक्षा १९९१ नंतर झाली. केंद्र सरकारने नव्या खोल समुद्र मासेमारी धोरणात परदेशी कंपन्यांच्या भागीदारीतल्या मोठ्या जहाजांना परवाने द्यायला सुरुवात केली. तोवर लहान होडीवाला आणि ट्रॉलरवाला एकमेकांचं तोंड पाहायला तयार नव्हते. आता दोघांनाही तिसरा दिसला. २३ आणि २४ नोव्हेंबर १९९४ रोजी देशभरच्या मच्छीमारांनी बंद पाळला. होड्या नांगरलेल्या राहिल्या, लिलाव थांबले. दोन दिवसांची मासळी बुडाली ती त्यांची स्वतःची. तरी बंद पाळला गेला, कारण हा संप मजुरीसाठी नव्हता, समुद्र कोणाचा यासाठी होता. सरकारने पी. मुरारी यांच्या अध्यक्षतेखाली समिती नेमली. समितीवर मच्छीमारांचे प्रतिनिधी घ्यायलाही कोचेरींना १९९५ च्या मे महिन्यात पोरबंदरला उपोषणाला बसावं लागलं. समितीने १९९६ मध्ये अहवाल देऊन हे परवाने रद्द करावेत असं सुचवलं. अहवालानंतरही आंदोलनं करावी लागली, पण ते धोरण पुढे रेटणं सरकारला जमलं नाही. पुढच्याच वर्षी, २१ नोव्हेंबर १९९७ ला, दिल्लीत जगभरच्या मच्छीमार संघटनांचा मंच स्थापन झाला. जागतिक मत्स्यव्यवसाय दिन त्या तारखेला पाळतात.

महाराष्ट्रातली बाजू लढवली ती मच्छीमार कृती समितीने. रामभाऊ पाटील, दामोदर तांडेल, उत्तनचे लिओ कोलासो ही त्यातली ठळक नावं. समित्याही एकीवर थांबल्या नाहीत. 'महाराष्ट्र' आणि 'अखिल महाराष्ट्र' अशा दोन कृती समित्या आहेत. मराठी माणसाच्या संघटनेचं हे वळण नवं नाही.

आतली भांडणं याहून बिकट. डोल जखडायच्या जागेला कव म्हणतात. वसई-उत्तन भागातल्या डोलीवाल्यांनी कवी उत्तरेला सरकवल्या, तशी सातपाटी-डहाणूकडच्या जाळीवाल्यांची वाट अडली. हा वाद अनेक दशकांचा आहे. इथे कोणी भांडवलदार नाही, दोन्हीकडे कोळीच. 'कामगार आणि कामगार यांच्यातले संबंध' हे कायद्यातले शब्द लिहिणाऱ्याच्या डोळ्यांसमोर हा वाद नसणार, पण त्यांचा अर्थ इथे नेमका कळतो. पर्ससीन जाळ्यांचंही तसंच. मासळीचा अख्खा थवा वेढून उचलणाऱ्या या जाळ्यांवर ५ फेब्रुवारी २०१६ च्या आदेशाने राज्याने निर्बंध आणले आणि परवाने टप्प्याटप्प्याने १८२ वर आणायचं ठरवलं. २०१७ मध्ये केंद्राने एलईडी दिव्यांच्या मासेमारीवर बंदी घातली. दोन्ही निर्णय पारंपरिक मच्छीमारांच्या संघटनांनी लावून धरलेले. अंमलबजावणीची तक्रार मात्र आजही दर मोसमात ऐकू येते.

मनोरीपुरतं बोलायचं तर धोका समुद्राबरोबर जमिनीवरूनही आला. २००६-०७ च्या सुमारास गोराई-मनोरी-उत्तनच्या धारावी बेटावर पर्यटनाचं विशेष आर्थिक क्षेत्र आणायचं घाटत होतं. गावं बिथरली. धारावी बेट बचाव समितीच्या झेंड्याखाली कोळी, शेतकरी आणि चर्चची माणसं एकत्र आली आणि प्रस्ताव बारगळला. मग महापालिकेने मनोरीत समुद्राचं पाणी गोडं करण्याचा प्रकल्प आणला. रोज २० कोटी लिटर पाणी, पुढे दुप्पट. गोडं पाणी काढल्यावर उरणारं दाट खारं पाणी पुन्हा समुद्रातच सोडायचं असतं. ते जिथे पडेल तिथल्या मासळीचं काय होईल, हा कोळ्यांचा सवाल आहे. शहराची तहान खरी आहे, पण तिचा हिशेब मांडताना डोलीचा रकाना कोरा सोडणं बरोबर नाही.

अशा लढायांत कधी यश येतं, कधी नाही. सागरी किनारा रस्त्याच्या पुलाखालून होड्या सुखरूप जाव्यात, म्हणून वरळी कोळीवाड्याच्या नाखवांनी दोन खांबांमधलं ६० मीटर अंतर वाढवून मागितलं. त्यांनी समुद्रात होड्या घालून काम अडवलं आणि २०२२ च्या अखेरीस १२० मीटर पदरात पाडून घेतले. मागणी १६० ची होती. डहाणूजवळच्या वाढवण बंदराला १९९८ मध्ये न्यायमूर्ती धर्माधिकारी यांच्या अध्यक्षतेखालच्या डहाणू पर्यावरण प्राधिकरणाने नकार दिला, तो मच्छीमारांचा विजय होता. त्याच बंदराला जून २०२४ मध्ये केंद्रीय मंत्रिमंडळाने ७६ हजार कोटींहून अधिक खर्चाची मंजुरी दिली आणि ३० ऑगस्टला पायाभरणीही झाली. संघटना तीच, बंदर तेच. राजकारणाचं वारं मात्र फिरलं होतं.

सर्वांत अवघड प्रश्न होडीतच बसलेला आहे. कोळ्यांची शिकलेली मुलं नोकरीला लागली आणि मुंबई-पालघर किनाऱ्यावरच्या अनेक होड्यांवर आता उत्तर प्रदेश, झारखंड, ओडिशा, आंध्रकडून आलेले खलाशी असतात. मोसमाच्या सुरुवातीला आगाऊ रक्कम, मग ठरलेला पगार, जेवणखाण होडीवरच. ते ना मच्छीमार सोसायटीचे सभासद, ना कोळीवाड्याच्या बैठकीला बोलावले जाणारे. नाखवा 'आम्हाला मालक नाही' म्हणतो तेव्हा खलाशाला तो नाखवाच मालक दिसतो. सर्वांनी मिळून लढायचं म्हणून होडीवाल्यालाही 'वर्कर' म्हटलं, ते १९८५ मध्ये योग्यच होतं. पण त्याच व्याख्येच्या आडोशाला आज पगारी खलाशी दिसेनासा झाला आहे. मासळीचा संसार चालवणाऱ्या विक्रेत्या बायकांचीही हीच कथा. मोर्च्यात त्या पुढे असतात, पण त्यांच्या बाजारातल्या जागेचा विषय मागण्यांच्या यादीत तळाशी असतो.

मच्छीमार खलाशांच्या कामाचे करार, विश्रांती, औषधोपचार आणि सुरक्षितता यांवर आंतरराष्ट्रीय श्रम संघटनेने २००७ मध्ये १८८ क्रमांकाचा करार केला. भारताने तो मान्य केलेला नाही. एप्रिल २०२५ मध्ये महाराष्ट्राने मत्स्यव्यवसायाला शेतीचा दर्जा दिला. त्याचा फायदा वीज आणि कर्जाच्या रूपाने होडीवाल्याला मिळेल, खलाशापर्यंत तो आपोआप झिरपणार नाही. २१ नोव्हेंबर २०२५ ला नव्या श्रमसंहिता लागू झाल्या, १९२६ चा कायदा संपला आणि संपाआधी १४ दिवसांची नोटीस बंधनकारक झाली. ही नोटीस भरती-ओहोटीवर जगणाऱ्याने कोणाच्या टेबलावर ठेवायची, हे संहितेने सांगितलेलं नाही.

माथाडी मंडळाचा नमुना महाराष्ट्रात पंचावन्न वर्षांहून जुना आहे. बंदरनिहाय मंडळ, प्रत्येक होडीवरच्या खलाशाची नोंद, पगाराची पावती, विमा, भविष्यनिर्वाह निधी: यातलं काहीही नव्याने शोधायचं नाही. कृती समित्यांनी डिझेल परताव्याच्या निवेदनात ही मागणी जोडावी आणि मढ, मनोरी, उत्तनच्या सोसायट्यांनी सरकारची वाट न पाहता येत्या मोसमाच्या पहिल्या फेरीपासून खलाशांची नोंदवही सुरू करावी.