कुळकायदा आणि कुटुंब : स्वातंत्र्योत्तर आष्टा परिसराच्या संदर्भात एक टिपण

कुळकायद्याचा विचार बहुधा जमीनमालक व कूळ यांच्या संबंधांपुरता केला जातो. तथापि जमिनीचा हक्क बदलला की घरातील श्रमविभागणी, शिक्षण आणि स्थलांतर यांचेही स्वरूप बदलते. १९४९ मध्ये दक्षिण सातारा जिल्हा अस्तित्वात आला. १९६० मध्ये त्यास सांगली हे नाव मिळाले. या जिल्ह्याच्या वाळवा तालुक्यातील आष्टा परिसराच्या संदर्भात हा बदल वर्गनिहाय पाहण्याचा प्रयत्न प्रस्तुत लेखात केला आहे.

१९४८ मधील गांधीहत्येनंतरची जाळपोळ, १९५० चा कुलकर्णी वतन निर्मूलन कायदा आणि कुळकायदा यांमुळे दक्षिण महाराष्ट्रातील अनेक ब्राह्मण कुटुंबांचा गावाशी असलेला आर्थिक संबंध तुटला. खंडाच्या धान्यावर चालणारे घर शहरातील पगारावर चालू लागले. वाड्याच्या जागी दोन खोल्यांचे बिऱ्हाड आले.

याउलट १ एप्रिल १९५७ या कृषक दिनी कूळ कायद्याने मालक ठरले. पुढे साखराळे येथील सहकारी साखर कारखान्यामुळे उसाचा रोख पैसा शेतकरी कुटुंबात आला. मुलगा हायस्कुलात गेला. भांगलण, वैरण व चूल मात्र सासू-सुनांकडेच राहिली.

१९५८ च्या कायद्याने कनिष्ठ ग्राम वतने संपुष्टात आली व वतनाशी जोडलेल्या सक्तीच्या सेवेचा कायदेशीर आधार गेला. परंतु कूळ म्हणूनही ज्यांच्याकडे जमीन नव्हती, त्या शेतमजुरांना कुळकायद्याने काहीच दिले नाही. पुरुष मुंबईच्या गिरणीत गेला, की गावाकडील संसार स्त्रीच्या मजुरीवर चाले.

येथे एक विसंगती लक्षात घेण्याजोगी आहे. कुळकायद्याने जमीनमालक विधवेला संरक्षण दिले. तिच्या जमिनीची कुळाकडे होणारी विक्री लांबणीवर टाकली. मात्र कुळाच्या घरात राबणाऱ्या सधवेची दखल घेतली नाही. सातबाऱ्यावर सामान्यतः कर्त्या पुरुषाचेच नाव लागले. उलट १९७७ च्या रोजगार हमी कायद्यानंतर भूमिहीन स्त्रीचे नाव हजेरीपटावर स्वतंत्रपणे नोंदले जाऊ लागले. महाराष्ट्रात मुलींना वडिलोपार्जित मालमत्तेत सहदायादाचा हक्क मिळण्यास १९९४ साल उजाडावे लागले. तोही त्यापूर्वी विवाह झालेल्या मुलींना नव्हता.

सारांश, 'कसेल त्याची जमीन' या घोषणेतील 'त्याची' हे सर्वनाम व्यवहारात शब्दशः खरे ठरले. म्हणून केवळ महसुली दप्तरावरून कुटुंबाचा इतिहास लिहिल्यास कसणाऱ्यांपैकी निम्मी माणसे त्यातून वगळली जातात. वृद्ध स्त्रियांच्या मौखिक आठवणींचे संकलन हे स्थानिक महाविद्यालयांतील इतिहास विभागांचे तातडीचे कार्य ठरते.